धनराज उर्फ झोप्या

प्रिय धनराज,

हे नाव लिहिताना मीच थांबले. तू जिवंत होतास तेव्हा या नावानं मी तुला किती वेळा हाक मारली असेल? आठवून पाहिलं. एकदाही आठवत नाही.

आज लिहायला बसले त्याला कारण आहे. उद्या तुझा पहिला स्मृतिदिन. विहारात वंदना होईल, पंचशील होईल, मग एकेक माणूस उठून तुझ्याबद्दल दोन शब्द बोलेल, मग जेवण. काल आमचे हे, तुझे भाऊजी, नागभीडहून फलक छापून घेऊन आले. अंगणात खाटेवर उलगडला. तुझा लग्नातला फोटो, दोन्हीकडे मेणबत्त्या, 'कालकथित' म्हणून तुझं पूर्ण नाव, आणि सगळ्यांत खालच्या ओळीत मोठ्या लाल अक्षरांत: उर्फ झोप्या.

मी चौथी शिकलेली. मला वाचायला वेळ लागतो. हे वाचायला नाही लागला.

"हे काय लिवून आनलं?" मी विचारलं.

"काऊन? सारे तेच म्हनत होते त्याले," भाऊजी म्हणाले. "धनराज म्हनलं तर कोनाले समजन? बाहेरगावचे लोक इचारतीन, कोन धनराज. झोप्या म्हनलं का आरमोरीपावतर समजते."

त्यांच्या मनात काही वाईट नव्हतं रे. हाच तर त्रास आहे. या शब्दात कोणाच्याच मनात कधी काही वाईट नव्हतं. मी फलक गुंडाळला, कोठीच्या मागं उभा केला, आणि करुणाच्या वहीची पानं फाडून हे लिहायला बसले. तुझ्या पोरीचं अक्षर मागच्या बाजूला दिसत असेल. गणितं आहेत.

कारण भाऊजींना ठाऊक नाही, पण तुला आणि मला ठाऊक आहे. तो शब्द माझ्या, तुझ्या थोरल्या बहिणीच्या, तोंडातून निघाला होता.

आठवते का? तू पंधरा वर्षांचा असशील. आपल्या बांधीत रोवणा चालू होता. आम्ही बाया ओळीनं वाकून रोवत होतो, आणि तू धानाच्या रोपांच्या पेंड्या आमच्याकडं फेकत होतास. एकाएकी पेंडी येईना. वळून पाहिलं तर तू गुडघाभर चिखलात उभा, पेंडी हातात, आणि डोळे मिटलेले. उभ्या उभ्या निजला होतास. माझी कंबर मोडली होती, पाय सडले होते, आणि हा माणूस निजला आहे! मी ओरडले, "ए झोप्या, पेंडी टाक ना. का आमी बी निजू चिखलात?"

साऱ्या बाया हसल्या. तू दचकून जागा झालास आणि तूही हसलास. हसता हसता तुझे गुडघेच मोडले आणि तू फतकल मारून चिखलात बसलास. बाया आणखी हसल्या. आम्हाला वाटलं तू सोंग करतोस.

संध्याकाळी त्या बाया घरोघरी गेल्या आणि शब्द त्यांच्यासोबत गेला. आधी तो चिडवायला होता. मग हाक मारायला झाला. मग तर घर सांगायला. "झोप्याच्या घरापासून उजवीकडं वळा" असं गावात आलेल्या पाहुण्याला सांगायचे. सुनीता लग्न होऊन आली ती झोप्याची बायको झाली. करुणा जन्मली ती झोप्याची पोरगी. काम न करणाऱ्याला झोप्या म्हणायचे, वर्गात मान टाकणाऱ्या लेकराला मास्तर म्हणायचे, "काऊन रे, तू का झोप्या हायेस?" तुझं नाव लोकांनी तुझ्यापासून सोडवलं आणि गावभर वापरलं.

गडचांदूरला एका ठेकेदाराकडं बांधकामावर गेलास. दोन महिन्यांत परत. "घमेलं घेऊन उभा निजला होता, वरून पडला असता तर मीच अडकलो असतो," तो म्हणाला. खोटं नव्हता बोलत. मी काय केलं? तुला दवाखान्यात नेलं? नाही. मी सगळ्यांसमोर हात नाचवून म्हटलं, "आला पाहा आमचा झोप्या, पगार घेऊन नाई, उशी घेऊन."

सुनीताला पाहायला गेलो होतो तेव्हा तिच्या मामानं मला बाजूला विचारलं, "पोरगा पेत तर नाई ना?" मी मोठ्यानं सांगितलं, "पेत नाई, निजते." साऱ्या घरात हशा. तू खाटेवर मान खाली घालून बसलास, दोन्ही हातांनी खाटेचं लाकूड घट्ट धरून. मला वाटलं, राग गिळतो आहे. मी घरी येऊन तुलाच बोलले, "दोन शब्द मजाक केली तर तोंड काऊन सुजवतं रे?"

तू कधीच काही का बोलला नाहीस? एकदा तरी म्हणायचं होतंस, बाई, मले असं नको म्हनू. मी भांडले असते, पण ऐकलं असतं. असतं ना? आता काय सांगू.

तुझी ती एक सवय तर माझ्या डोळ्यांत खुपायची. मी काही गमतीचं सांगायला लागले की तू हात वर करायचास. "थांब बाई. बसू दे मले, मग सांग." आणि भिंतीला टेकून नीट बसायचास, तेव्हा कुठं म्हणायचास, "हां, आता सांग." मला वाटायचं, केवढा हा थाट. मंडईच्या जत्रेत नाटक आलं की सारं गाव जायचं, तू नाही. "निजन तिथंच," असं आम्ही म्हणायचो. झोप येते म्हणून तू जात नव्हतास असं नव्हतं रे. हसू येते म्हणून जात नव्हतास.

हे मला आता या पावसाळ्यात कळलं. तू नसताना.

करुणाच्या बाईंनी शाळेतून निरोप पाठवला की पोरगी दर तासाला बाकावर निजते. सुनीता घाबरून माझ्याकडं आली. मी नेहमीसारखी खेकसले, "फोन पाहत असन." मग एक दिवस करुणा माझ्या ओसरीवर शेंगा सोलत होती. मी तिला भाऊजींची काही गंमत सांगितली, माकडानं त्यांची टोपी पळवली ती. पोरगी हसली आणि तिची मान एकदम खाली पडली. हातातल्या शेंगा सांडल्या. डोळे उघडे होते. ऐकत होती. पण मान उचलता येईना. पोपट पिंजऱ्यात मुंडी टाकतो तशी. थोड्या वेळानं सावरली आणि म्हणाली, "आत्या, हसली का मले असंच होते. बाबाले बी होत होतं. बाबानं सांगितलं होतं, हसायच्या आधी बसून घेत जा."

धनराज, तू तिला शिकवलं होतंस. कोणाला न सांगता, बापानं पोरीला शिकवायचं ते हे शिकवलंस.

आम्ही तिघी चंद्रपूरला मोठ्या डॉक्टरांकडं गेलो. त्यांनी सगळं विचारलं. दिवसा किती वेळा झोप येते, हसल्यावर काय होतं. मग म्हणाले, "घरात आणखी कुणाला असं होतं का?"

"तिच्या बापाले," मी म्हटलं.

"त्यांना कधी दाखवलं होतं?"

सुनीता माझ्याकडं पाहू लागली. मी म्हटलं, "आमी त्याले झोप्या म्हनत होतो साहेब. झोप्याले दवाखान्यात कोन नेते?"

डॉक्टर रागावले नाहीत. रागावले असते तर बरं झालं असतं. ते म्हणाले, हा आळस नाही, आजार आहे. डोक्यात झोप आणि जाग यांच्यामध्ये जे दार असतं ते याच्यात नीट लागत नाही, म्हणून जागेपणी झोप आत शिरते. पक्कं सांगायला नागपूरला तपासणी करावी लागेल. साफ बरा होत नाही, पण गोळ्यांनी आणि ठरल्या वेळेच्या झोपेनं आवरता येतो. पोरगी शिकू शकते. मी त्यांना आजाराचं नाव मराठी अक्षरांत लिहून मागितलं. नार्कोलेप्सी. चिठ्ठी पेटीत ठेवली आहे. मला ते नीट म्हणता येत नाही. पण त्या नावाला कोणी हसत नाही.

तपासणी झाली. गोळ्या चालू आहेत. करुणा आता दुपारी घरी येऊन थोडी निजते आणि परत अभ्यासाला बसते. पण परवा रडत आली. वर्गातल्या पोरींनी तिला झोपी म्हणायला सुरुवात केली आहे. म्हणजे हा फलक उद्या विहारासमोर लागला तर तो तुझा नसेल धनराज, तिचा असेल.

आता खरं सांगते. इथपर्यंत लिहिलं ते सगळं यासाठीच होतं.

गेल्या वर्षी, धान कापणीच्या दिवसांत. मी आमच्या बांधीवर शिदोरी घेऊन जात होते. दुपार होती. तू तुझ्या शेताच्या धुऱ्यावर, मोहाच्या झाडाखाली पडलेला दिसलास. तोंडावर दुपट्टा, बाजूला विळा. मी चालता चालता म्हटलं, "निज, झोप्या. धान आपलं चालत येईन घरी." आणि गेले.

परत आले तेव्हा ऊन कलंडलं होतं. तू तसाच. दुपट्टा तोंडावरून सरकला होता. मला दिसलं रे ते. क्षणभर पाय थांबले माझे. मग म्हटलं, झोप्याच आहे. आणि गेले.

चहा घेऊन सुनीता आली. तिनं एकटीनंच तुला कधी त्या नावानं हाक मारली नव्हती. ती नेहमीसारखी खाली बसली, खांद्याला हात लावला, "करुणाचे बाबा, चहा." तिची किंकाळी माझ्या अंगणापर्यंत ऐकू आली.

दवाखान्यात म्हणाले, साप. घोट्याजवळ खुणा होत्या. झोपेतच चावला असेल. डॉक्टरनं विचारलं, "हे किती वेळापासून पडून होते, कुणी पाहिलं का?" साऱ्यांनी माना हलवल्या. मला सांगता आलं असतं. मी पदर तोंडाला लावून उभी राहिले.

मी पहिल्यांदा गेले तेव्हा तू निजलेला होतास का? की ऐकत होतास, करुणासारखा, डोळे उघडे आणि अंग हलेना? माझं बोलणं ऐकलंस का? हा प्रश्न मी वर्षभर घेऊन हिंडते आहे. कोणाला विचारू? त्या धुऱ्यावरून आणखीही माणसं गेली असतील. त्यांनीही तेच म्हटलं असेल. दुसरं कोणी असं पडलेलं असतं तर गावानं धाव घेतली असती. तुझ्याजवळ कोणी थांबलं नाही, कारण तुझं नाव मी ठेवलं होतं.

सुनीताला अजून ठाऊक नाही. आज सांजेला आधी तिला सांगणार आहे, उद्या चारचौघांत ऐकायला लागू नये म्हणून. ती मला घरात घेईल की नाही ठाऊक नाही. नाही घेतलं तर तिचं बरोबर आहे.

हे लिहिता लिहिताच उठून मी कोठीमागून फलक काढला आणि विळ्यानं खालची ओळ कापली. आता त्यावर तुझा फोटो आणि तुझं नाव एवढंच आहे. भाऊजी म्हणाले, "आता कोन ओळखन?" मी म्हटलं, "ओळखतीन. मी सांगन ना."

कापलेली पट्टी माझ्याजवळ आहे. उद्या विहारात सगळ्यांच्या आधी मी उठणार. मला बोलता येत नाही, भांडता येतं, तसंच बोलेन. ती पट्टी हातात धरीन आणि सांगेन की हा शब्द माझा होता, याचा नाही. तो आजारी होता. मी दोनदा त्याच्या जवळून गेले. आणि आता या गावात कोणी या पोरीला झोपी म्हटलं तर गाठ माझ्याशी आहे.

आणि तुला कबूल करते, धनराज. पडलेल्या माणसाजवळून मी पुन्हा चालत जाणार नाही. मग तो निजलेला असो, पिऊन पडलेला असो, कोणी असो. खाली बसेन, खांद्याला हात लावेन, आणि त्याचं असेल ते नाव घेऊन हाक मारेन. शिव्या खाल्ल्या तरी चालतील.

करुणा आत्ता माझ्याच घरी आत निजली आहे. तिची दुपारची झोप. उठायची वेळ झाली. मी जाऊन खांद्याला हात लावला आणि म्हटलं, "करुणा."

तिनं ओ दिली.

तुझी,
शकुनबाई