ढब्बूराव, सोफा आणि त्रेसष्ट बग

५ नोव्हेंबर २००६, रविवार. नेरे.
आजपासून रोज पहाटे पाचला उठून गेम बनवणार. टीव्हीवरची ‘ढब्बूराव आणि मंडळी’ ही कार्टून मालिका आमच्या ऑफिसातल्या टेस्टिंग टीममधल्या अपेक्षाला भयंकर आवडते. तिचंच विडंबन. सोफा न सोडणारा ढब्बूराव हिंजवडीत आयटीत लागतो, मारुंजी रोडवर म्हशी चुकवतो आणि शेवटी शेजारणीला मागणी घालतो. शेजारीण हुबेहूब अपेक्षा, चष्म्यासकट. १ डिसेंबरला तिच्या वाढदिवसाला सीडी देणार. पुढचं ती समजून घेईलच. हुशार आहे.

६ नोव्हेंबर. सकाळी ९.४०
गजर झाला होता. पण झोप पुरी झाल्याशिवाय क्रिएटिव्ह काम होत नाही.

१२ नोव्हेंबर
सात लेव्हल ठरवल्या होत्या. तीन पुरेत. सोफा तयार, त्यावर ढब्बूरावही बसवला. घरमालकीण गोजराबाई चहा घेऊन आल्या. म्हणाल्या, ह्यो बाबा दिसभर हितंच बसतुया, कामधंदा न्हाई व्हय? म्हटलं, अहो, ते कार्टून आहे. म्हणाल्या, मी तुमचं बोलतिया. बाईंना विनोदाची चांगली जाण आहे.

१९ नोव्हेंबर
लोडशेडिंग. सेव्ह केलं नव्हतं. सगळ्या म्हशी गेल्या. तसा गेम सोपाच झाला म्हणा.

३० नोव्हेंबर
आता एकच लेव्हल. उठायचं, दार उघडायचं, मागणी घालायची. शेजारीण आली की गेम हँग होतो. हरकत नाही, तेवढाच क्षण लांबतो.

१ डिसेंबर
दिली! ती म्हणाली, अय्या, खरंच? वीकेंडला बघते. ‘अय्या’ म्हणाली! रूममेट विश्राम म्हणतो, काल ती प्रिंटरलाही अय्या म्हणाली. जळतो मेला.

४ डिसेंबर, सोमवार
अपेक्षाची मेल. एक्सेल शीट, त्रेसष्ट बग म्हणजे गेममधल्या चुका, सीसीत आख्खी टीम. एका लेव्हलमध्ये त्रेसष्ट! म्हणजे दोन दिवस पोरगी माझ्याच गेममध्ये होती. पहिले बासष्ट किरकोळ. त्रेसष्टावा: ‘शेजारीण. क्रिटिकल. तिला यात इंटरेस्ट नाही. काढून टाकावी.’

५ डिसेंबर
फार वाईट वाटलं. डबा विश्रामला दिला. त्यानं पुसून खाल्ला.

१० डिसेंबर
शेजारीण डिलीट केली. माऊसवर बोट ठेवून बराच वेळ बसलो होतो. गेम आता एकदाही हँग होत नाही.

११ डिसेंबर
अपेक्षाला नवी सीडी दिली, वर मेल केली: बग त्रेसष्ट, फिक्स्ड. दहा मिनिटांत उत्तर: ‘व्हेरिफाइड. क्लोज्ड.’
एवढ्या पटकन ती कुणालाच उत्तर देत नाही.