वेतन आयोगाची मुलगी

बाबा,

तुम्हाला जाऊन सतरा वर्षं झाली आणि गेल्या आठवड्यात मी पहिल्यांदाच वर्गात तुमच्याबद्दल बोलले. तुम्हाला माहीत नाही, पण मी आता कॉलेजात लोकसंख्येचं अर्थशास्त्र शिकवते. जन्मदर का वाढतो, का घसरतो, यावर तास चालू होता. मागच्या बाकावरचा एक मुलगा म्हणाला, "मॅम, महंगाई है, इसलिए लोग बच्चे नहीं करते. सिंपल है." इतकं सिंपल असतं तर माझा जन्मच झाला नसता, असं मनात आलं. मग मी पुस्तक मिटलं आणि त्यांना दिल्लीच्या एका मंत्रालयातल्या अप्पर डिव्हिजन क्लार्कची गोष्ट सांगितली. घंटा झाली तरी कोणी उठलं नाही. हे तुम्हाला कळवावंसं वाटलं, म्हणून लिहायला बसले.

लक्ष्मीबाई नगरातला आपला क्वार्टर तुम्हाला आठवत असेल तसाच मलाही आठवतो. दोन खोल्या, मागे व्हरांडा, पुढे सगळ्या ब्लॉकची मिळून एक हिरवळ. ताई आणि दोघे दादा झाले, मग सहा वर्षं काही नाही, आणि मग नवा वेतन आयोग लागू झाला. त्यानंतरच्या हिवाळ्यात आपल्या ब्लॉकमध्ये सहा पाळणे हलले. खालच्या मजल्यावरच्या पंजाबी आंटी आम्हा सहा जणांना आयुष्यभर "पे कमिशन वाले बच्चे" म्हणत राहिल्या. लहानपणी मला वाटायचं, हा काहीतरी मोठा किताब आहे. शाळेत नाव घातलं तेव्हा आमच्या वर्गात बाक कमी पडले होते, हेही मला अभिमानाचं वाटायचं.

मग मी चौदा वर्षांची झाले आणि लाज वाटायला लागली. वर्गात एकदा प्रत्येकाला विचारलं, तुम्ही एकूण किती भावंडं. मी चार सांगितलं तेव्हा मागून कोणीतरी हसलं. बाकीच्यांकडे दोन, फार तर तीन. मी तणतणत घरी आले. तुम्ही स्वयंपाकघरात खाली बसून मटार सोलताय, मांडीवर वर्तमानपत्र पसरलंय, आई ओट्याशी पोळ्या लाटतेय. मी दप्तर टाकलं आणि तसंच विचारलं, "बाबा, एवढी मुलं कशाला झाली तुम्हाला?"

आईचं लाटणं थांबलं. मला वाटलं, आता थोबाडीत बसणार. तुम्ही एक शेंग सोललीत, दाणे परातीत टाकलेत आणि म्हणालात, "मला वाटलं, आपण श्रीमंत आहोत."

"आपण? आपल्याकडे फ्रिज कधी आला, बाबा?"

"तू माझं घर पाहिलं नाहीस," तुम्ही म्हणालात. मग कराडजवळच्या गावातली ती एक खोली सांगितलीत, तिच्यात झोपणारी नऊ माणसं, दोन भावांत मिळून असलेला शाळेचा एक सदरा, नदीवरून आणलेलं पाणी. "इथे नळ फिरवला की पाणी येतं. डोक्यावर पंखा आहे. आजारी पडलो तर सरकारी दवाखाना. नवा पगार झाला त्या दिवशी मी आणि तुझ्या आईने हिरवळीवर बसून आईसक्रीम खाल्लं. मला वाटलं, एवढं सगळं आहे तर घरात अजून एक जण असायला काय हरकत आहे?"

आई मात्र पाठमोरीच म्हणाली, "श्रीमंती यांची होती. नळाचं पाणी पहाटे उठून मी भरत होते." तुम्ही मोठ्याने हसलात. मी हसले नाही. मला फक्त एवढंच कळलं की मी आईसक्रीम खाऊन झाल्यावर सुचलेली मुलगी आहे.

पुढचं तुम्हाला माहीत आहे, पण माझ्या बाजूने माहीत नाही. गुरुग्राममध्ये नोकरी लागली, लग्न झालं, आम्ही द्वारकेत आठव्या मजल्यावर फ्लॅट घेतला. तुमच्या जावयाचा आणि माझा मिळून पगार तुमच्या अख्ख्या ब्लॉकला कधी स्वप्नात दिसला नसेल. आणि आम्हाला सतत वाटायचं की आपल्याला पुरत नाही. समोरच्या फ्लॅटमध्ये एकच मुलगा होता, त्याला पोहण्याचा वेगळा सर, पियानोचा वेगळा, शाळेत सोडायला ड्रायव्हर. लिफ्टमध्ये त्याची आई मला म्हणायची, "एक ही अफोर्ड हो जाए तो बहुत है, यार." मी मान डोलवायचे. मला ते पटायचं. लहानपणी मिळालं ते सगळं तर हवंच, ते तर कमीत कमी, आणि त्याच्यावर बाकीच्यांकडे आहे तेही हवं. लग्नाला सात वर्षं झाली तरी आमचं "अजून नाही" चालूच होतं.

तुम्ही फरिदाबादला मोठ्या दादाकडे राहत होतात. एका रविवारी आधी बस, मग मेट्रो करत एकटेच आलात. बाल्कनीत उभे राहून खालच्या तलावात पोहणारी मुलं बराच वेळ पाहिलीत आणि विचारलंत, "तुमचं काय ठरलंय?"

"बाबा, अजून सेटल नाही झालो आम्ही."

"सेटल म्हणजे काय गं?"

मी सांगत गेले. घराचे हप्ते, शाळेची फी, मुलाला स्वतःची खोली, त्यासाठी मोठा फ्लॅट, सांभाळायला बाई. तुम्ही शेवटपर्यंत ऐकून घेतलंत. मग माझ्याकडे वळून, अगदी काळजीने म्हणालात, "पोरी, तू एवढी गरीब कशी झालीस?"

तुम्ही टोमणा मारला नव्हतात, हे मला आता कळतं. तेव्हा माझं डोकं फिरलं. चार मुलं वाढवली म्हणजे सगळं कळलं असं होत नाही, तुमचा जमाना वेगळा होता, असं मी खूप काही बोलले. तुम्ही चहा संपवलात, चपला घातल्यात. स्टेशनवर सोडायला मी आले नाही. चार महिन्यांनी दादाचा फोन आला. हॉस्पिटलमध्ये पोचेपर्यंत तुम्ही गेला होतात.

त्या वाक्याने माझी पाठ सोडली नाही. मी नोकरी तीन वर्षं रेटली आणि मग सोडली. पुन्हा विद्यापीठात नाव घातलं, एका कॉलेजात तात्पुरती, अ‍ॅडहॉक म्हणून शिकवायला लागले. आणि तिथे एका दुपारी, ग्रंथालयात, मला तुम्ही भेटलात. अर्थशास्त्रात एक विचार आहे, बाबा. माणूस मूल होऊ द्यायचं ठरवतो तेव्हा हातात किती येतं एवढंच बघत नाही, ज्या घरात वाढला तिथल्या राहणीशी ते ताडून बघतो. त्याहून बरं चाललंय असं वाटलं की घरं भरतात. मग ती भरल्या घरातली मुलं मोठी होतात, त्यांची अपेक्षा आधीच वर चढलेली असते, एकाच नोकरीसाठी त्यांची आपसात झुंबड उडते, आणि आईवडिलांपेक्षा जास्त मिळवूनही ती स्वतःला गरीब समजतात. मी ते पान तीनदा वाचलं. मटार सोलता सोलता तुम्ही जे बोललात आणि बाल्कनीत जे विचारलंत, ती दोन्ही वाक्यं तिथे समीकरणात मांडलेली होती. या विचाराला विरोध करणारेही पुष्कळ आहेत, आणि त्यांचं म्हणणं मी मुलांना शिकवते. पण त्या दिवशी मी ग्रंथालयातच रडले.

मी ठरवलं, याच्यावरच पीएचडी करायची, आणि सुरुवात आपल्या कॉलनीपासून. मार्गदर्शक सर म्हणाले, "घरच्या आठवणी म्हणजे संशोधन नव्हे." मी म्हटलं, "सर, मग दुसऱ्यांच्या घरच्या आठवणी गोळा करते." आणि केल्या. निवृत्त झालेल्या क्लार्कांच्या, स्टेनोंच्या, शिपायांच्या घरी जाऊन बसले. पे कमिशनवाल्या आम्हा सहा जणांतले बाकीचे पाचही शोधून काढले. त्यातलीच एक, पंजाबी आंटींची मुलगी, आता कॅनडात असते. ती फोनवर म्हणाली, "मम्मी-पापा के पास कूलर तक नहीं था, पर टेन्शन भी नहीं था. मेरे पास सब है, और नींद नहीं है."

मधल्या काळात घरातला पैसा निम्म्यावर आला होता. द्वारकेचा फ्लॅट विकून आम्ही मयूर विहारला एका जुन्या सोसायटीत, दुसऱ्या मजल्यावर, लिफ्ट नसलेल्या दोन खोल्यांत आलो. मेट्रोची लाइन तीच, फक्त दुसरीकडचं टोक. मला वाटलं होतं, फार जड जाईल. आणि झालं भलतंच. खाली सायकली लावलेल्या असायच्या, शेजारी निवृत्त मास्तर, वरच्या मजल्यावर दोन मुलं एकाच टेबलावर अभ्यास करायची आणि त्यात कोणाला काही कमी वाटत नव्हतं. सहा-सात महिने झाले असतील. एका संध्याकाळी तुमचे जावई गॅलरीत रजया घडी करत होते. घडी करता करता थांबले आणि म्हणाले, "एक विचारू? आपण नक्की कशासाठी थांबलोय?"

मी उत्तर शोधलं. खरंच शोधलं. एकही सापडलं नाही, बाबा.

मी अडतिसाव्या वर्षी आई झाले. मुलगी. एक्केचाळिसाव्या वर्षी दुसरी. दुसऱ्या वेळी डॉक्टरीणबाईंनी कपाळाला हात लावला, ऑफिसातल्या जुन्या मैत्रिणी म्हणाल्या, "पागल है क्या?" आणि आई फरिदाबादहून दोन पिशव्या भरून डिंकाचे लाडू घेऊन आली ती परत गेलीच नाही. ती दाराशी आल्याआल्या म्हणाली, "पाणी मी भरणार नाही. बाकी सगळं करते."

तोंडी परीक्षेच्या दिवशी धाकटी चार महिन्यांची होती. आई आणि तुमचे जावई तिला घेऊन बाहेर कॉरिडॉरमध्ये. आत बाहेरून आलेले परीक्षक, पांढऱ्या केसांचे, कडक. त्यांनी दोन तास मला पिंजून काढलं. मी एकाही प्रश्नाला अडले नाही. आकडे विचारले, आकडे दिले. विरोधकांचे आक्षेप विचारले, त्यांच्यापेक्षा दोन जास्त सांगितले. शेवटी त्यांनी चष्मा काढला आणि विचारलं, "ही कल्पना तुम्हाला पहिल्यांदा कुठे भेटली? कोणत्या पुस्तकात?"

"पुस्तकात नाही, सर. माझ्या वडिलांकडे. ते अप्पर डिव्हिजन क्लार्क होते. त्यांना वाटायचं, आपण श्रीमंत आहोत."

खोलीत हशा पिकला. परीक्षक हसले नाहीत. त्यांनी मला ते वाक्य पुन्हा म्हणायला लावलं आणि कागदावर लिहून घेतलं. तेवढ्यात बाहेर धाकटीने असा काही सूर लावला की सगळं बंद करावं लागलं. मार्गदर्शक सर उठले आणि माझ्या आधी दार उघडून म्हणाले, "डॉक्टर मॅडमच्या मुलीला आत आणा." मी त्या खोलीतून बाहेर पडले तेव्हा कडेवर मूल होतं, आई डोळे पुसत होती, आणि मला आयुष्यात पहिल्यांदा असं वाटलं की मला काही म्हणजे काही कमी नाही. ते वाटणं अजून टिकून आहे. नोकरी पक्की व्हायला पुढे आणखी पाच वर्षं लागली, तेव्हाही टिकलं होतं.

मुली आता अकरा आणि आठ वर्षांच्या आहेत. त्यांचं मराठी अर्धं हिंदी आहे, दोघी एकाच खोलीत भांडतात आणि एकाच पलंगावर झोपतात. त्यांना कमी काय वाटेल आणि पुरेसं काय वाटेल, हे मला आज सांगता येत नाही. त्या मोठ्या होऊन मला काय विचारतील याची मी तयारी केलेली नाही.

हे पत्र कुठे जाणार नाही, माझ्या टेबलाच्या खणातच राहील. म्हणून एक गोष्ट लिहून टाकते, जी तुमच्या जावयांनी आणि मी कोणालाही सांगितलेली नाही, आईलासुद्धा नाही. मी चव्वेचाळीस वर्षांची असताना, पूर्ण एक आठवडा, आम्ही तिसऱ्याचा विचार करत होतो. अगदी नावंसुद्धा काढली होती.