माझ्या आईचा आवाज आधी तू ऐकलास

प्रिय नसरीन,

काल तुझा भाऊ इम्रान अकोल्याला घरी आला होता. हातात पेन ड्राइव्ह ठेवला आणि म्हणाला, "आपा बोल के गयी थी, साफ होके आया तो पहले तुमकोच देना." तेव्हापासून मी तुझ्यावर जळतेय. गेलेल्या माणसावर कुणी जळतं का गं? मी जळतेय.

सवय तशी जुनीच. सिनेमावाल्यांसाठी जुनी चित्रणं शोधायचं काम आपण बरोबरच सुरू केलं. अमरावतीतल्या ज्या घरातून मला "कॅसेटी कधीच फेकल्या" म्हणून वाटेला लावायचे, तिथूनच तू पिशवी भरून आणायचीस. काय बोलायचीस त्या बायकांशी? विचारलं की म्हणायचीस, "काई नाई, भाजी निवडू लागली." भाजी मलाही निवडता येते!

पण हे फारच झालं. वऱ्हाडातल्या आठवडी बाजारांवरच्या माहितीपटासाठी तू चांदूर बाजारची एक जुनी लग्नाची कॅसेट मिळवलीस, वरात बाजारातून जाते म्हणून. त्यात तुला माझी आई दिसली. मी चार वर्षांची असताना गेलेली माझी आई. आमच्या घरातल्या एकुलत्या एक फोटोवरून तू तिला ओळखलंस. नवरीच्या माहेरी विचारून खात्रीही केलीस.

ती चालते कशी, हे तुला माझ्याआधी कळलं. का सांगितलं नाहीस?

त्याच आठवड्यात तू चहाला आली होतीस. सारखी माझ्या तोंडाकडे बघत होतीस. काय बघतेस विचारलं, तर म्हणालीस, "तुही हनुवटी." ती कुणाच्या हनुवटीशी ताडून पाहत होतीस, ते आता कळलं.

इम्रान सांगत होता, फितीला बुरशी लागली होती, आवाज तुटत होता. मला अर्धीमुर्धी आई द्यायची नव्हती तुला. म्हणून फीत साफ करून पेन ड्राइव्हवर घ्यायला मुंबईला पाठवलीस. ती परत यायच्या आत हार्ट अटॅकने तूच गेलीस.

आज बाबांना शेजारी बसवून पाहिलं. आई पंगतीत वाढतेय. दिव्याचा झोत तोंडावर येतो, तशी ती हात आडवा धरून कॅमेरावाल्याला म्हणते, "माह्यावर लाईट नोको मारू बाप्पा, डोये दिपून राह्यले."

एवढंच. बाबा म्हणाले, "पुन्हा लाव." मी लावत राहिले. ते डोळे पुसत होते आणि मी मात्र हिशेब करत बसले, तू हे वाक्य किती वेळा ऐकलं असशील! ऐकताना हसलीस का? तेव्हा तरी मला फोन करावासा वाटला नाही?

धारणीकडच्या बाजाराचं तुझं शोधकाम अर्धं राहिलंय. मी परवा परतवाड्याहून जीपने तिकडे जातेय. ते मी पुरं करीन, आणि तिथल्या बायकांच्या चुलीपाशी बसूनच करीन. माहितीपटाच्या शेवटी आपल्या दोघींची नावं येतील.

माझं मात्र आधी. एवढं तरी मला घेऊ दे.

तुझीच,
सुलभा