पिवळी चिंधी

गुरुवार, ४ मार्च

प्रिय ताई,

आम्ही सगळे ठीक आहोत. तुझ्या टिल्लीचा पडलेला दात परत आला का? बायको म्हणते, फोन कर, पत्रं कोण लिहितं हल्ली! पण फोनवर तू लगेच रडतेस, मग मी काहीतरी विनोद करतो आणि सांगायचं ते राहूनच जातं.

आधी चांगली बातमी. अपील जिंकलो! नोकरी अजून हातात नाही, पण बडतर्फीचा हुकूम रद्द झाला. वरच्या साहेबांनी आमच्या साहेबांना सगळ्यांदेखत सुनावलं, "माणसाला घरी बसवता आणि त्याला एका शब्दानं विचारत नाही? पुरावासुद्धा दाखवत नाही?" आता सोमवारी रीतसर सुनावणी आहे. मला बोलू देणार आहेत. इतके महिने मी आरशासमोर बोलत होतो, बायकोला वाटलं डोकं फिरलं.

आमची पद्धत तुला ठाऊकच आहे. व्हॉल्व्ह बंद करणाऱ्यानं त्याच्या चाकाला आपल्या रंगाची चिंधी बांधायची, आणि ती सोडून व्हॉल्व्ह उघडायचाही त्यानंच. दुसरा कुणी हात लावत नाही, कारण पुढे खड्ड्यात उतरून कुणी काम करत असेल. आमच्या पंपघरात पिवळा रंग माझा. त्या दिवशी दवाखान्याकडचा व्हॉल्व्ह बंदच राहिला, पाण्यावाचून तिथली ऑपरेशनं खोळंबली, आणि चाकाला होती पिवळी चिंधी. झालं! ना मला बोलावलं, ना ती चिंधी दाखवली. सरळ हुकूम हातात ठेवला.

खरं सांगू? मलाही वाटायला लागलं होतं की मीच विसरलो. भाजी निवडतानासुद्धा मनातल्या मनात एकेक चाक फिरवून बघायचो.

काल कचेरीत पुरावा बघायला मिळाला. कारकुनानं पाकिटातून चिंधी काढून टेबलावर ठेवली.

ताई, तिला शिवण होती.

तुझा जुना पिवळा पडदा फाडून तू आम्हा दोघांसाठी चिंध्या केल्या होत्यास. भाऊजींच्या चिंध्यांना चारही बाजूंनी टीप मारलीस आणि माझ्या तशाच दिल्यास, सुतं लोंबणाऱ्या. नवऱ्याला शिवून आणि भावाला फाडून, म्हणून किती चिडवलं होतं मी तुला! भाऊजी दुसऱ्या पंपघरात, त्यामुळे कधी अडलं नाही. त्या आठवड्यात मात्र ते एकाच्या रजेमुळे आमच्याकडे आले, आपल्याच चिंध्या घेऊन. खरं तर त्यांनी रंग बदलायला हवा होता. "घरचाच रंग आहे," म्हणून आम्ही दोघं हसलो आणि कुणाला बोललो नाही.

माझी नोकरी गेल्यावर ते सफरचंदं घेऊन आले होते. माझ्याकडे न बघता आमच्या पंख्याच्या आवाजाबद्दल बोलत बसले. तेव्हाच मला शंका आली होती. मीच ती दाबून टाकली.

राग आलाय, ताई. खूप आलाय. आणि तुमचंही घर त्याच खात्याच्या पगारावर चालतं हेही कळतंय.

सोमवारी मला विचारतील, ही चिंधी तुझी का? मी नाही म्हणणार. कुणाची, असं विचारलं तर तेही सांगणार. पण भाऊजींना न विचारता त्यांचं नाव घेतलं, तर माझ्यात आणि त्या साहेबांत फरक काय राहिला? त्यांची एखादी चिंधी माझ्या चिंध्यांत मिसळली असेल. आणखी काही असेल. मला काय माहीत?

म्हणून रविवारी सकाळी येतोय. त्यांना घरीच थांबायला सांग. ते बोलतील तेवढा वेळ मी मध्ये तोंड उघडणार नाही. चूक त्यांची असेल तर सोमवारी त्यांनी स्वतः सांगावं. मी शेजारी बसेन. त्यांचं ऐकून न घेता कुणी त्यांना काढायला निघालं, तर पहिला मी भांडेन.

तू रडू नकोस. किंवा रड, पण दार उघड.

सुतं लोंबणाऱ्या चिंध्यांचा धनी,
तुझा भाऊ