रुमालाखालची यिस्कर्का

४ सप्टेंबर
नोकरी लागली! लहानपणी दर नाताळच्या संध्याकाळी तळलेला कार्प मासा आणि बटाट्याचं सॅलड हाणून जिचा सिनेमा बघायचो, त्या यिस्कर्का बाहुलीला आता हा राडोव्हान हलवणार. तीस वर्षांनी पाच मिनिटांचा दुसरा भाग निघतोय, याच नाताळला टीव्हीवर लागणार. बाहुली तीच जुनी, लाकडी, वीतभर. तिला केसभर हलवायचं, एक चित्र घ्यायचं, पुन्हा हलवायचं. दिवसभर राबून पडद्यावर जेमतेम तीन सेकंद. प्रत्येक हालचाल आधी आपण आरशासमोर करून बघायची, आणि तेवढ्या वेळात तिच्या तोंडावर रुमाल टाकायचा, असा इथला रिवाज. बाहुल्यांचे कपडे शिवणाऱ्या व्लास्ताबाईंनी दोनदा बजावलं. मी विचारलं, अहो, लाजते की काय ती? बाई हसल्या नाहीत.

१९ सप्टेंबर
झालेला अर्ध्या मिनिटाचा तुकडा शाळेतल्या पोरांना चार-पाचदा दाखवला. पार फज्जा. दोघं तर खुर्च्यांखाली लपाछपी खेळत होती. माझी अपोलेना सहा वर्षांची, पण फटकळ. ट्राममध्ये म्हणाली, "बाबा, हिच्यात कोणीच नाहीये." जिव्हारी लागलं. दिग्दर्शक कुबाटसाहेबांनी दोन आठवड्यांची मुदत दिलीय. नाही जमलं तर मी घरी.

२२ सप्टेंबर
रुमाल काढला. रिवाज गेला खड्ड्यात. तिला समोर बसवून आरशात डोळा मिचकावला आणि तिची पापणी कशी लवायला हवी ते लख्ख कळलं. मग हसलोसुद्धा, चांगलं पोटभर.

२८ सप्टेंबर
फिल्म धुऊन आली. कुबाटसाहेबांनी टाळ्या वाजवल्या, म्हणे हीच खरी यिस्कर्का. माझा उजवा डोळा मात्र नीट मिटत नाही. वारा लागला असेल.

२ ऑक्टोबर
अपोलेनानं विचारलं, बाबा, माझ्यावर रागावलात का? कालपासून हसला नाहीत. आरशात ओठ ओढून पाहिले. दात दिसतात, हसू येत नाही. पडद्यावर तिच्या डाव्या गालाला खळी पडते. लाकडाला खळी. ती खळी माझी आहे.

५ ऑक्टोबर
व्लास्ताबाई मला वृद्धाश्रमात घेऊन गेल्या. पहिल्या सिनेमात यिस्कर्काला हलवणाऱ्या हेर्मीनाबाई तिथे असतात. चेहरा परातीसारखा सपाट, हात मांडीवर पडलेले. नर्स भरवते. आवाज तेवढा राहिलाय.
"मीही रुमाल काढला होता," त्या म्हणाल्या. "अख्ख्या देशानं तिच्यावर जीव टाकला. माझ्या मुलानं मला हसताना पाहिलेलंच नाही."
मी विचारलं, परत मिळतं का? त्यांनी मांडीवरच्या आपल्या हातांकडे पाहिलं.
मला भीती वाटते. नोकरीसाठी नाही. अपोलेनासाठी.

७ ऑक्टोबर
राजीनामा दिला. रुमाल तिच्या तोंडावर घट्ट बांधला, गाठ मारून. सामान आवरत होतो तोवर अपोलेना शाळेतून थेट स्टुडिओत आली आणि धावत बिलगली. तिला कवटाळलं. तिच्या खांद्यावरून समोर पाहिलं तर —
रुमाल खाली पडलेला. घडी घालून.

९ ऑक्टोबर
कुबाटसाहेबांचा फोन. रडत होते. म्हणे, यिस्कर्काच्या मिठीचा तुकडा काय घेतलास रे! मी घेतलेला नाही. कॅमेऱ्याला हातही —
संध्याकाळी अपोलेना धावत आली. हात उचलले. पुढे काय करायचं तेच आठवेना. दोन काठ्यांसारखे तिच्या दोन बाजूंना. ती बराच वेळ वाट बघत उभी राहिली.

१० ऑक्टोबर, दुपार
स्टुडिओत. तिला पेटीत कोंडायला आलोय. कुलूप आणलंय. आधी हे लिहून ठेवतो, हात आहेत तोवर —
अपोलेना, नाताळला टीव्ही लावशील. ती हसेल ते माझं हसू. मिठी मारेल ती तुझी. तेव्हा म्हणू नकोस की हिच्यात कोणी नाही. आणि बाबा रागावलेला नाही, कधीच —

पेटीचं झाकण उघडं.
ती टेबलावर आहे. माझ्या वहीकडे बघतेय. तिच्या हातात पेन्सिलीचा तुकडा —
मी लिहायचा थांबलो की तीही थांबते.
थांबू कसा, अजून सांगायचं —
बोटं आखडतायत. तिची नाहीत.
अपोलेना, माझं तुझ्यावर खू