समुद्रघोड्याची पूड

३ नोव्हेंबर, सोमवार
रिपोर्ट आला. दोष माझ्यात आहे. राधिकाचं सगळं नॉर्मल. डॉक्टर म्हणाले, "मिसेसना घेऊन या, पुढचं बोलू." कागद कपाटात शर्टांखाली ठेवलाय. घरी सांगितलं, दोघांचंही ठीक आहे. लग्नाला सहा वर्षं झाली, अजून आठ दिवसांनी काय बिघडतं!

५ नोव्हेंबर
आईने धोंडूबाई मासेवालीकडून सुकवलेले समुद्रघोडे आणले. कुटून पूड केली. मूल व्हावं म्हणून रोज सकाळी दुधातून राधिकाला. म्हणाली, "मी फार उशिरा सुरू केली, हिने तरी वेळेत घ्यावी."
राधिका नाक दाबून प्यायली. मी पेपर वाचत होतो.

६ नोव्हेंबर
राधिकाला उलटी. आई म्हणते, सवय होईल.

९ नोव्हेंबर, रविवार
धोंडूबाईकडे गेलो, आईला समुद्रघोडे देऊ नका म्हणून सांगायला. बोललो भलतंच! विचारलं, हा पोहतो कसा?
"पोवतो कसला! उभाच ऱ्हातो. पाठीवरला एवढासा पर हलवीत. पान्याला ओढ आली की शेपटीनं गवत धरून बसतो." मग हसली. "आनि यांच्यात पोट मादीला नाय, नराला येतं. ती अंडी देते, हा वागवतो. म्हनून तर गुन हाय त्यात."
मग बाईला का पाजता? — हे विचारलं नाही. बंदी आहे ना पकडायला, म्हटलं. तर म्हणे, जाळ्यात आपसूक येतात. बोंबील घेऊन परत आलो. धन्य!

१० नोव्हेंबर
ऑफिसात व्हिडिओ बघितला. खरंच, नराच्या पोटाला पिशवी. शेकडो पिल्लं बाहेर पडली. खाली कुणीतरी लिहिलं होतं — खोल पाण्यातलं धीराचं प्रतीक. कसला धीर! गवत धरून बसायला मलाही येतं.

१३ नोव्हेंबर
राधिकाला रिपोर्ट दिला. तिने आधी तारीख वाचली. "नऊ दिवस मी ते पितेय, आणि तू पेपर वाचत होतास?"
मेल्याहून मेल्यासारखं झालं. माफी मागितली.
"आईंना तूच सांगायचं. रविवारपर्यंत. नाहीतर मी जूचंद्रला, माहेरी."

१५ नोव्हेंबर
आईचं डोकं दुखत होतं. नाही सांगितलं.

१६ नोव्हेंबर, रविवार
आधी बाबांना सांगितलं. वाडीत चाफ्याला पाणी देत होते. म्हणाले, "माझंही असंच होतं. तुझ्या आईला कधी बोललो नाही. अकरा वर्षं ती पूड खात राहिली."
"मग मी?"
"सतरा दिवसांचा होतास, तेव्हा दत्तक आणलं तुला. ती अजून समजते, दोष तिचाच."
 
मग आत जाऊन आईला दोन्ही गोष्टी सांगितल्या, माझीही आणि बाबांचीही. बाबा आत आले नाहीत.