कोऱ्या कागदावर माझी सही

२२ नोव्हेंबर २००४, सोमवार

पहाटे पाचला राष्ट्राध्यक्षपदाच्या मतांची मोजणी संपली. आमच्या गावात आपला माणूस ७०२, सरकारचा माणूस ३१८! एकेक मतपत्रिका मी स्वतः उलगडून पाहिली. शाळा गरम ठेवणारी तळघरातली भट्टी आईच सांभाळते; रात्रभर तिनं ती धगधगती ठेवली, तरी बोटं गारठून गेली होती.

केंद्राचे अध्यक्ष आमचे हेडमास्तर आर्सेन तिमोफीयोविच, आणि सचिव मी. आकडे सगळ्यांना दिसावेत म्हणून ते भिंतीवर एक मोठा कागद लावून त्यावर लिहीत होते. कागद कसला – सहावीच्या मुलांनी सुगीच्या सणाला केलेल्या भित्तिपत्रकाची पाठकोरी बाजू! शिक्क्याची गादी सुकलेली. म्हणून त्याच कागदाच्या कोपऱ्यात त्यांनी तीनदा शिक्का ठोकून पाहिला. तिसरा छान गोल उमटला. सगळे हसलो.

मधमाश्या पाळणारे सावा आजोबा आपल्या बाजूचे निरीक्षक. त्या कागदाकडे बघत म्हणाले, "पोरी, एवढं आयुष्य मतं टाकली, पण माझं मत मला भिंतीवर आज दिसलं."

अहवालाची प्रत मागितली त्यांनी. हेडमास्तर म्हणाले, "झेरॉक्स बंद आहे, आजोबा. उद्या घ्या."

झोपते आता. दहाला सातवीचा इतिहासाचा तास आहे.

२३ नोव्हेंबर

चोर! चोर! चोर!

सावा आजोबा बर्फातून सायकल रेटत आले. तालुक्याला जाऊन आमच्या केंद्राचा अहवाल डोळ्यांनी बघून आले होते. दारातच म्हणाले, "ओरिस्या, आपल्याला उलटं टांगलं गं."

आपला ३१८. सरकारचा ७०२. आकड्यांनी नुसत्या खुर्च्या बदलल्या. डोकं लावायचेही कष्ट घेतले नाहीत मेल्यांनी!

आणि खाली आम्हा अकरा जणांच्या सह्या. "तुझीही आहे," आजोबा म्हणाले. माझ्याकडे बघत नव्हते.

आहेच. खोटी नाही, माझीच आहे. रविवारी दुपारी चारला, मतदान चालू असतानाच, हेडमास्तरांनी अहवालाचे कोरे नमुने पुढे सरकवले होते. "पहाटे सगळे पेंगत असतील, आत्ताच सह्या उरकून टाका. आकडे मग भरू. दर वेळी असंच करतो." सगळ्यांनी केल्या. दर वेळी करतातच. मीही केली – चहाचा पेला डाव्या हातात धरून! नागरिकांचे हक्क या विषयावर चाळीस पानी प्रबंध लिहिलेली मी!

आजोबांना हे सांगितलं नाही. ते मधाची बरणी ठेवून गेले. घशाखाली उतरणार नाही तो मध.

२४ नोव्हेंबर

टीव्हीवर जाहीर झालं. सरकारचाच माणूस राष्ट्राध्यक्ष म्हणे. राजधानीत, कीवच्या चौकात लाखो लोक बर्फात उभे आहेत. माझ्याबरोबर शिकलेल्या तिघी गेल्यात तिकडे. मी कुठल्या तोंडाने जाऊ?

मधल्या सुट्टीत हेडमास्तरांच्या खोलीत गेले. दार लावून घेतलं.

"सर, ७०२ आपले होते."

"कोणते ७०२? अहवाल वाच. खाली सही कुणाची आहे?"

"कोऱ्या कागदावर केली होती!"

"हळू बोल." आणि हसले, आठवीत मला कविता म्हणायला उभं करताना हसायचे तसेच. "हे कोर्टात सांगणार? सचिवानं कोऱ्या अहवालावर सही केली? मग पहिला खटला तुझ्यावर. नोकरीला लागून तीन महिने नाही झाले, ओरिस्या. तुझी आई अख्ख्या शाळेत सांगत फिरली होती, पोरगी पहिल्या श्रेणीचा लाल डिप्लोमा घेऊन आली म्हणून. तिचा तरी विचार कर."

यांनीच मला शिक्षक-प्रशिक्षण संस्थेच्या प्रवेशपरीक्षेला बसवलं होतं. आईला यांनीच समजावलं होतं, "मुलीला शिकवा, मेलान्या कार्पिव्ना." म्हणून जास्त संताप होतो! परका असता तर थुंकून मोकळी झाले असते.

२५ नोव्हेंबर

आईशी कडाक्याचं भांडण.

ती बीट किसत होती. मी सगळं सांगितलं – कोरी सही, उलटे आकडे, हेडमास्तरांची धमकी. ऐकून घेतलं. किसणी थांबली नाही. मग म्हणाली, "सही केलीस ना? मग आता गप्प बस."

"गप्प? आई, चोरी झालीय!"

"हुकूम वरून येतो, लेकी. कोळसा खालूनच टाकावा लागतो."

माझा लाल डिप्लोमा तिनं देवाच्या तसबिरीखाली ठेवलाय, भरतकामाचा रुमाल घालून. तो उचलून मी टेबलावर आपटला. "घे! चुलीत घाल! गप्पच बसायचं होतं तर शिकवलंस कशाला?"

तिनं तो अ‍ॅप्रनला पुसला आणि परत जागेवर ठेवला. तेवढ्यात पूर्वेकडच्या होर्लिव्काहून ओल्हामावशीचा फोन. तिकडे सगळे सरकारच्या माणसाचे. आई तिच्याशी हसून बोलली, हवापाणी, गुडघेदुखी. हसून! माझ्या अंगाचा तिळपापड झाला.

२६ नोव्हेंबर

जेवले नाही. बोलले नाही. सातवीच्या फळ्यावर 'लोकशाही' लिहिलं आणि पुसून टाकलं.

२७ नोव्हेंबर, शनिवार

सावा आजोबांना अखेर सगळं सांगितलं. वाटलं, दारातून हाकलतील. त्यांनी मिशी चावली. मग म्हणाले, "मी तिथेच बसलो होतो की. तुम्ही सह्या करताना पाहिलं. मलाही वाटलं, करतातच."

जिल्ह्याच्या ठिकाणी, चेर्कासीला, वकील लोक पुरावे गोळा करताहेत. सोमवारी सर्वोच्च न्यायालयात सुनावणी. उद्या दुपारपर्यंत जबाब पोचला पाहिजे. "पण नुसत्या तोंडी बोलण्याला कोण विचारतो? गोल शिक्क्याशिवाय कागद म्हणजे चिंधी," आजोबा म्हणाले – आणि आम्ही दोघांनी एकदमच एकमेकांकडे पाहिलं.

भिंतीवरचा कागद! हेडमास्तरांच्या हाताचे आकडे. कोपऱ्यात शिक्का, एक नाही, तीन!

धावत शाळेत गेले. आई भट्टीशी होती.

"आई, तो मोठा कागद?"

"जाळला."

"काय?"

"सोमवारी सकाळी साहेब स्वतः गुंडाळी घेऊन खाली आले. म्हणाले, जाळ. मग?"

मी किंचाळले. काय काय बोलले! म्हटलं, तू जन्मभर त्यांचे जोडे पुस, त्यांची राख काढ, तुझ्यासारख्यांमुळेच हे लोक माजलेत! वरच्या मजल्यावर कुणीतरी खिडकी उघडून ऐकत होतं. आईनं फावडं भरलं, भट्टीचं झाकण पायानं उघडलं. तोंड लालभडक दिसत होतं तिचं.

मला लाज वाटत नाहीये. मुळीच नाही. वाटायला हवी का? नाही!

२८ नोव्हेंबर, रविवार

सकाळी उठले तर टेबलावरची भांडी, भाकरी, मधाची बरणी, सगळं जमिनीवर. आई म्हणाली, "ते टोक धर."

मेणकापडाचं टोक. आम्ही दोघींनी ते वर उचललं. खाली तो कागद पसरलेला होता, सुगीची चित्रं खाली, आकडे वर. ७०२. ३१८. तीन शिक्के.

आठवडाभर मी याच टेबलावर रोजनिशी लिहितेय. याच कागदावर कोपर टेकून आईला शिव्या घातल्यात.

"जाळला म्हणालीस!"

"तू ओरडत होतीस. अख्ख्या गावाला ऐकू जात होतं." तिनं कागदाची घडी घातली, सावकाश, शिक्का मधोमध येणार नाही अशी. "साहेबांसमोर मी भट्टीत घातली ती छपराच्या डागडुजीच्या जुन्या पुठ्ठ्याची गुंडाळी. त्यांना धूर दिसला. बास."

मी रडायला लागले, तर म्हणाली, "पुरे. आठची बस चुकेल. आणि सहीचंही खरं सांग. अर्धं खरं घेऊन जाऊ नकोस तिथे."

सांगितलं. चेर्कासीच्या वकिलानं दोनदा विचारलं, "हे लिहायचं? तुमच्याच अंगावर येईल." लिहा म्हटलं. मग वाचून घेतलं, ओळ न् ओळ, आणि सगळ्यात शेवटी सही केली.

३ डिसेंबर

निकाल रद्द!! २६ तारखेला पुन्हा मतदान!!! सावा आजोबा अंगणात टोपी फेकून नाचले, गुडघा धरून खाली बसले.

आईला मिठी मारायला गेले. हातात पिठाचा गोळा होता तिच्या. "बरं झालं," म्हणाली. एवढंच.

७ डिसेंबर

मला शाळेतून 'चौकशी होईपर्यंत' घरी बसवलं. कारण, कोऱ्या अहवालावर सही. पत्रावर सही कुणाची? आर्सेन तिमोफीयोविच! उरलेल्या नऊ जणांना काही नाही. त्यांनी तोंड उघडलं नव्हतं ना.

१९ डिसेंबर

बाजारात हेडमास्तर दिसले. गळ्यात नारिंगी मफलर! आपल्या पक्षाचा रंग! लोकांना सांगत होते, "मी तर पहिल्यापासूनच..." मला बघून हात वर केला, "काय ओरिस्या, जिंकलो की नाही आपण!"

'आपण'! हातातली कोबी फेकून मारणार होते. आईनं मनगट धरलं. "कोबी खायची असते," म्हणाली.

आणि ज्यांची मतं चोरली ते त्यांच्याशी हस्तांदोलन करत होते! यांच्यासाठी घरी बसले मी?

२६ डिसेंबर, रविवार

मतदान झालं. मी निरीक्षक म्हणून दिवसभर पेटीसमोर बसले. या वेळी कुणीही कोऱ्यावर सही केली नाही. आई दुपारी आली, डोक्याला चांगला रुमाल बांधून. पडद्याआडून बाहेर आली, पेटीत मत टाकलं.

जेवायला घरी आले तेव्हा हसत म्हटलं, "आई, आज तरी आपला जिंकणार बघ."

ती वारेनिकी, बटाट्याच्या उकडलेल्या करंज्या, ताटात वाढत होती. "तुझा," म्हणाली.

मला कळेना.

"ओल्हा तिकडे राहते. मी दोन्ही वेळा त्याच माणसाला दिलं, ज्याला तिनं दिलं." बाऊलमधली साय माझ्या ताटात ओतली. "त्या कागदावरच्या ३१८ मध्ये एक माझं होतं, ओरिस्या. ते जाळायचं कसं?"